पिवळ्या टाचेचा मोजा

सोमवार, ३ फेब्रुवारी

घंटेचा बंदोबस्त केला एकदाचा!

सहा वर्षं सोसली. तिसऱ्या मजल्याच्या पार टोकाला, कागदांच्या कोठाराला लागून माझी खोली. अपक्षाला आणखी कुठं ठेवणार? पक्षवाल्यांना गालिचे, मला कोठाराची कुबट हवा. घंटा मात्र सगळ्यांना सारखी! दाराच्या वर, वाटीएवढी, लोखंडी. मतदान आलं की आठ मिनिटं घणघण, मग सभागृहाची दारं बंद. गणसंख्या भरत नाही — घणघण. सभापती चहा पिऊन आले — घणघण. आणि ती ऐकली की ऐंशी माणसं जिन्यांवरून धावत सुटतात. हात कधी वर करायचा हे त्यांचे प्रतोद सांगतात, ते मुकाट्यानं वर करतात. मी पंचवीस वर्षं ढोरांचा डॉक्टर होतो. घंटेमागं चालणारी गुरं पुष्कळ पाहिली. ती निदान दूध तरी द्यायची.

आज खुर्चीवर चढलो, पायातला मोजा काढला आणि वाटी आणि तिच्यावर आपटणारी हातोडी यांच्या मधे गच्च कोंबला. हिनं विणलेला, जाड लोकरीचा. एकच पुरला. दुपारी घंटा झाली तेव्हा नुसती थरथरली. खिडकीची काच तिच्यापेक्षा जास्त वाजते. मला घंटेची गरजच काय? कार्यक्रमपत्रिका छापून येते, मतदानाची वेळ त्यात असते, आणि मला वाचता येतं. इथल्या फार थोड्यांना असं म्हणता येईल.

घरी सव्वीस वर्षं हिच्या घंटेनं दचकून उठतोय. ही जिथं सिस्टर आहे त्या प्रसूती विभागाच्या मागच्या दाराला पिवळं बटण आहे. अडलेली बाई आली की ते दाबायचं, आणि घंटा आमच्या उशाशी. ही पहिल्या ठोक्याला चपलांत. मी उशी डोक्यावर घेतो. निदान इथं तरी शांतता असू दे.

मंगळवार, ४ फेब्रुवारी

माझा प्रश्न पुकारला. सहाव्या वर्षी सहाव्यांदा — आमचा सहा खाटांचा प्रसूती विभाग बंद करणार की ठेवणार? आरोग्यमंत्री उठले, जाकिटाचं बटण लावलं, म्हणाले, 'बाब विचाराधीन आहे.' बसले. बटण काढलं. मी त्यांचं नाव केव्हाच 'विचाराधीन' ठेवलंय.

मी म्हटलं, तुम्ही स्वतः त्या विभागात उभं राहून शब्द दिला होता, सिस्टरांच्या समोर. त्या सिस्टर माझ्याच घरात असतात, त्यांना अजून आठवतो. तर हे पुन्हा उठले, पुन्हा बटण! 'मला याबाबत काही आठवत नाही.'

सभागृह हसलं. मीही हसलो. सहा वर्षांपूर्वी दिलेला शब्द ज्याला आठवत नाही त्याला इथं मंत्री करतात. मेंदूनं इतकं मंद जनावर कुणी माझ्याकडं आणलं असतं तर मी मालकाला सरळ सांगितलं असतं, ह्याच्यावर औषध नाही.

मग एक 'अहवाल' पटलावर ठेवला. पटल म्हणजे सभापतींच्या पुढचं मोठं टेबल. जे काही कायमचं विसरायचं असतं ते इथं रीतसर त्यावर ठेवतात.

शुक्रवार, १४ फेब्रुवारी

घरी आलो. पिशवी उलटी करून हिचा पहिला प्रश्न — "अहो, हिरवा मोजा एकच कसा?"

म्हटलं, हरवला असेल.

"मोजा काय चालत जातो? पायातच होता ना?"

इतक्या मोठ्या सभागृहाला मी तोंड देतो, पण हिच्यापुढं मोज्याचा हिशेब देता येत नाही! हे मोजे तिनं प्रसूतिगृहातच विणले. एका कळेपासून दुसऱ्या कळेपर्यंतच्या वेळात. हिरवी लोकर संपली म्हणून टाच पिवळी. कुणाच्या कितव्या कळेला टाच सुरू केली तेही ती सांगू शकेल.

"दुसरा जपून ठेवते," म्हणाली. "जोडीदार सापडेल कधीतरी."

सोमवार, २४ फेब्रुवारी

फासे पडले. अंदाजपत्रकात चार लहान गावांचे प्रसूती विभाग बंद — त्यात आमचा. त्यावर विरोधकांनी सुधारणा आणली आहे, की चारही चालू ठेवा. मतदान गुरुवारी ६ मार्चला. आता गणित: सभापती सोडून आम्ही एक्क्याऐंशी. चाळीस इकडे, चाळीस तिकडे, आणि मी! मतं समसमान झाली तर सुधारणा पडते. म्हणजे माझा हात वर गेला तर विभाग राहतो, नाही गेला तर जातो.

सहा वर्षं ज्यांनी मला नमस्कार केला नाही ते आज माझ्या खोलीची वाट विचारत आले. आधी सत्तेवाल्यांचा प्रतोद, ज्याला मी मेंढपाळ म्हणतो. कोठाराकडं बघून म्हणाला, "अरेरे, इथं ठेवलंय तुम्हाला? पहिल्या मजल्यावर खोली बघू का?" म्हटलं, मजला बदलून माणूस बदलत नाही. गेला.

मग विरोधकांची प्रतोद. तिचं नाव चिमटा. धरलं की सोडत नाही. "डॉक्टर, तुम्ही आमच्याबरोबर ना?" म्हटलं, मी माझ्या गावाबरोबर. तुमची सुधारणा माझ्या मागून चालली आहे, मी तिच्या मागून नाही. "तेच हो, पण हात वर करणार ना?" ह्या लोकांना वाक्य समजत नाही, हात तेवढा समजतो.

बुधवार, २६ फेब्रुवारी

चिमट्याचे आज अकरा फोन. 'फक्त आठवण.' मी काय तिच्या कळपातला आहे? नंबर ब्लॉक केला.

आमच्या मजल्याच्या मावशी तीन आठवड्यांच्या रजेवरून आजच परतल्या, तोवर कोरी राहिलेली वही घेऊन आल्या. रोज सकाळी चाचणीची घंटा होते, त्या प्रत्येक खोलीबाहेर थांबून ऐकतात आणि वहीत टिक करतात. तेवीस वर्षं हेच काम. म्हणाल्या, "साहेब, तुमच्या खोलीतली घंटा बाहेर ऐकू येत नाही हो. वायरमनला बोलावू?"

"येते, येते," म्हटलं. "मला आत येते ना. टिक करा तुम्ही."

पेन्सिल हातात धरून घुटमळल्या. "तुम्ही म्हणता म्हणजे येत असेल." केली टिक. सरळ बाई. ह्या इमारतीत शब्दावर विश्वास ठेवणारी बहुधा एकटीच.

बुधवार, ५ मार्च

हिचा फोन. उद्या चार वाजता गावातल्या बाया विभागात रेडिओ लावून बसणार. ज्यांची बाळंतपणं तिथं झाली त्या, आणि पोटुशा दोघी. "ती दुधाच्या टेम्पोवालीसुद्धा येणारेय."

ती आठवण नको होती. विभाग तेव्हा महिनाभर बंद ठेवला होता. घाटात, दुधाच्या टेम्पोत, पुढचं इस्पितळ अडीच तासांवर, आणि हाताशी डॉक्टर कोण तर ढोरांचा. पोर जगलं. मी घरी येऊन तीन दिवस सरकारला शिव्या देत होतो, तेव्हा ही म्हणाली होती, "घरात बडबडण्यापेक्षा तिथं जाऊन बडबडा." तिनंच दारोदार फिरून मला निवडून आणलं. दोनशे बारा मतांनी! लोकांनी मतं तिला दिली, खुर्ची मला मिळाली. हे मी कुठं बोलत नाही.

"तेवढं वेळेवर जा," म्हणाली.

मी काय लहान आहे?

गुरुवार, ६ मार्च

गेलं.

शुक्रवार, ७ मार्च

लिहून काढतो. नाहीतर डोकं फुटेल.

काल सकाळी दहालाच खोलीत येऊन बसलो. दार लावलं, फोन बंद केला. चार वाजताच्या भाषणाला माझी तीन मिनिटं होती, त्यावर शेवटचा हात फिरवायचा होता. भाषण जमलं होतं. त्यात मी सगळ्यांची पिसं काढली होती, मेंढपाळाची, चिमट्याची, विचाराधीनाची. 'ह्या सभागृहात जागा असलेला मी एकटाच' असं एक वाक्य होतं, ते मी तीनदा मोठ्यानं म्हणून पाहिलं. जागा!

बाराला दहा मिनिटं असताना चहासाठी बाहेर पडलो. जिन्यात माणसं उलटी येत होती, सभागृहातून बाहेर. हसत. सकाळचं विधेयक मांडणाऱ्यानं ऐन वेळी मागं घेतलं, म्हणून आरोग्याचा विषय वर ओढला होता. अकरा चाळीसला मतदान! आठ मिनिटं घंटा. सगळ्या इमारतीत घणघण, फक्त तीनशे एकोणीस नंबरच्या खोलीत नाही. चिमट्यानं मला शोधायला उपाहारगृहात माणूस पळवला होता, कारण मी नेहमी तिथं बसून सगळ्यांवर टीका करत असतो.

चाळीस — चाळीस. सुधारणा फेटाळली.

एकेकाचा क्रमांक पुकारतात. रेडिओवरही ऐकू जातं. बाया चारला बसणार होत्या, पण हिनं म्हणे सकाळपासूनच लावून ठेवला होता. 'क्रमांक एक्क्याऐंशी — अनुपस्थित.' तिनं ते ऐकलं.

जिन्यातच पत्रकारांनी गाठलं. "कुठं होता? कुणी अडवलं?" तोंडातून निघून गेलं — "माझ्या खोलीत घंटा वाजलीच नाही!"

खोटं एक अक्षर नाही. वाजली नाहीच.

पाच मिनिटांत सभापतींनी माझी खोली सील केली. चौकशी! मी दाराशी पोचलो तेव्हा रक्षक लाख लावत होता. मोजा आत. भाषणही आत, टेबलावर पडलेलं. खुर्चीवर चढून घंटेत हात घालायला मला अर्धं मिनिट पुरलं असतं. ते अर्धं मिनिट मिळालं नाही.

शनिवार, ८ मार्च

पेपरांत मीच. 'घंटा कुणी दाबली?' विरोधक म्हणतात सरकारनं. सरकार म्हणतं विरोधकांनीच, बदनामीसाठी. ज्यांना मी सहा वर्षं अक्कलशून्य म्हणत आलो ते आज मला 'सभागृहातला एकमेव प्रामाणिक आवाज' म्हणताहेत. गेल्या आठवड्यात वाचलं असतं तर कात्रण करून ठेवलं असतं.

हिचा फोन. मी भीत भीत उचलला. तर ती माझ्या बाजूनं भडकलेली! "माझ्या माणसाची घंटा बंद पाडतात म्हणजे काय! सोमवारी आम्ही सगळ्याजणी तिथं येतोय. नाव सांगा फक्त, कुणी केलंय ते." मी म्हटलं, चौकशी चालू आहे, घाई नको. "तुम्ही गप्प बसा हो, तुम्ही साधे आहात. ह्या लोकांना ओळखत नाही तुम्ही."

सव्वीस वर्षांत ती माझ्यासाठी अशी कधी भांडली नव्हती. ऐकायला इतकं बरं वाटलं की लाज वाटली.

सोमवार, १० मार्च

आल्या. साठ-सत्तर बाया, फाटकाबाहेर, ही सगळ्यात पुढं, नर्सच्या पांढऱ्या कपड्यांत. टेम्पोवाली आपल्या पोराला घेऊन. 'घंटा चोर कोण? जबाब द्या!' मी जिन्याच्या खिडकीतून हात हलवला. टाळ्या! चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात, पण इथं चोर गप्प होता आणि बोंबा घरचे मारत होते.

मंगळवार, ११ मार्च

खोली उघडली. चौकशी अधिकारी, वायरमन, दोन साक्षीदार आणि मी. वायरमन शिडीवर चढला, झाकण उघडलं, आणि चिमटीत धरून मोजा बाहेर काढला. पार काळवंडलेला, पण टाच पिवळीच.

"हा काय प्रकार?" अधिकारी म्हणाला. सगळे माझ्याकडं बघत होते, सहानुभूतीनं! त्या क्षणी 'माझा आहे' हे दोन शब्द बोलायचे होते. एवढी वर्षं कुणाच्याही तोंडावर काहीही बोललो. हे दोन निघाले नाहीत.

संध्याकाळी मेंढपाळ ओसरीत भेटला. खांद्यावर हात टाकून हळूच म्हणाला, "मानलं तुम्हाला, डॉक्टर! मतही दिलं नाही आणि हुतात्माही झालात. असं आमच्यातल्या जुन्यांनाही जमत नाही. पहिल्या मजल्याचं बघतो मी."

त्याला ते खरंच वाटतं. हसतसुद्धा नव्हता.

बुधवार, १२ मार्च

मावशींना निलंबित केलं. आठवडाभर रोज टिक आहे आणि घंटा बंद. म्हणजे एकतर निष्काळजी, नाहीतर सामील. निवृत्तीला अकरा महिने राहिलेत.

गुरुवार, १३ मार्च

चौकशी अधिकाऱ्याचं पत्र. 'सदर कर्मचाऱ्याचं म्हणणं आहे की घंटा ऐकू येत असल्याचं तुम्ही तिला सांगितलं होतं. खुलासा करावा.'

चार वेळा उत्तर लिहिलं, चार वेळा फाडलं. पाचवं पाठवलं. 'मला याबाबत काही आठवत नाही.'

पाठवल्यावर लक्षात आलं की लिहिताना मी जाकिटाचं बटण लावलं होतं.

शुक्रवार, १४ मार्च

पहिल्या पानावर मोज्याचा फोटो. रंगीत! पाव पानभर. हिरवा, टाच पिवळी. खाली लिहिलंय, 'हा मोजा कुणाचा?'

हिच्याकडं रोज पेपर येतो. विभागात सगळ्या बाया वाचतात.

दुपारी फोन केला. उचलला नाही. पुन्हा केला. दुसरीच सिस्टर बोलली, "ताई कामात आहेत." आवाज वेगळा होता. की मलाच वाटला?

ह्या आठवड्यात घरी गेलो नाही. कारण दिलं, चौकशीचं काम.

सोमवार, १७ मार्च

तीन दिवस फोन नाही. तिचा गप्पपणा मला ठाऊक आहे. ती ओरडते तोवर काळजी नसते.

फाटकाशी मावशी भेटल्या. किल्ल्यांचा जुडगा जमा करायला आल्या होत्या. मी तोंड फिरवणार तेवढ्यात त्याच म्हणाल्या, "साहेब, तुमचा काही दोष नाही. चूक माझीच. आपल्या कानांनी ऐकल्याशिवाय टिक करायची नसते. तेवीस वर्षं केली नव्हती."

टोमणा मारला असता तर बरं झालं असतं. मारला नाही. मनापासून म्हणाल्या. पुढं असंही म्हणाल्या, "कोंबडं झाकलं म्हणून उजाडायचं थोडंच राहतं. सापडेल तो माणूस."

खोलीवर येऊन खुर्चीत बसलो ते संध्याकाळपर्यंत. गेली सहा वर्षं ह्या वहीत मी ज्याची त्याची चिरफाड केली. मागची पानं चाळली. मेंढपाळ, चिमटा, विचाराधीन, नावं ठेवण्यात माझा हात कुणी धरणार नाही. नाकानं कांदे सोलत बसलो आणि एक हात वर करायचा होता तो केला नाही. सबंध इमारतीत मला एकच काम होतं. माझ्यासाठी नाव शोधतोय. एकही पुरेसं वाईट सुचत नाही.

गुरुवार, २० मार्च

विभाग आज बंद झाला. पेपरात चार ओळी. हिची बदली घाटापलीकडं.

शनिवार, २२ मार्च

पोटुशा दोघींपैकी एकीला काल घाटातून नेलं. पोचली वेळेत. बाळ-बाळंतीण ठीक. हे मला दुसऱ्याच सिस्टरकडून कळलं. "ताई टेम्पोत बरोबर होत्या," म्हणाली. हिला द्या म्हटलं फोन. "त्या झोपल्यात."

दिवसाढवळ्या, घंटेशिवाय, सव्वीस वर्षांत ती झोपलेली मला आठवत नाही.

सोमवार, २४ मार्च

हिचं पार्सल. आत दुसरा मोजा, स्वच्छ धुतलेला. मोज्यात काहीतरी जड होतं. काढून पाहिलं तर आमच्या उशाची घंटा, तारा कापलेल्या. चिठ्ठी नाही.

उद्या अकरा वाजता तीन मिनिटं मागितली आहेत. मिळाली. मोजा पटलावर ठेवणार आहे.